नकळत घडलेल्याचा दोष

सिग्नल हिरवा झाला तरी पुढचा ट्रक हलेना, म्हणून मागच्या गाडीतल्या युजी साकामोतोंनी हॉर्न वाजवला. ट्रक निघाल्यावर कळलं, की व्हीलचेअरवरची एक व्यक्ती रस्ता ओलांडत होती. ट्रकच्या आडोशामुळे ती मागून दिसलीच नव्हती. २०२३ साली ‘मॉन्स्टर’ हा चित्रपट घेऊन कान महोत्सवाला गेलेल्या या जपानी पटकथाकाराने हा सल तिथे बोलून दाखवला. त्या पटकथेला तिथे पुरस्कारही मिळाला.

दिसलंच नाही, तर दोष कसला? ‘नकळत झालं हो’ म्हटलं की आपण अर्धं पाप माफ करून टाकतो. साकामोतो ती सवलत देत नाहीत.

एकोणिसाव्या वर्षी फुजी टीव्हीची पटकथास्पर्धा जिंकून ते या धंद्यात आले आणि १९९१च्या ‘टोकियो लव्ह स्टोरी’ या मालिकेने घराघरांत पोचले. पुढे लेखणी गडद झाली. २०११च्या ‘सोरेदेमो, इकितेयुकु’ या मालिकेत खून झालेल्या मुलीचा भाऊ आणि खुन्याची बहीण समोरासमोर येतात. गुन्हा दोघांनीही केलेला नाही, तरी त्याचं ओझं दोघांच्याही मानगुटीवर आहे.

‘मॉन्स्टर’ हिरोकाझू कोरे-एदांनी दिग्दर्शित केला. एरवी ते स्वतःच लिहितात. दुसऱ्याच्या पटकथेवर त्यांनी १९९५च्या ‘माबोरोशी’नंतर थेट या चित्रपटातच काम केलं. यात तेच प्रसंग आधी आईच्या, मग शिक्षकाच्या आणि शेवटी मिनातो या मुलाच्या बाजूने उलगडतात. आईच्या भागात शिक्षक निगरगट्ट वाटतो. माफीच्या बैठकीत तो चक्क गोळी चघळतो! दुसऱ्या भागात तोच भाबडा, गोंधळलेला निघतो.

पण खरी मेख चित्रपटातल्या गाडीच्या प्रसंगात आहे. आई मिनातोला मायेने सांगते, तुझं लग्न होऊन चारचौघांसारखा संसार थाटेपर्यंत मी खंबीर राहीन, तसा शब्दच दिलाय तुझ्या वडिलांना. थोड्याच वेळात पोरगा धावत्या गाडीतून उडी मारतो. त्याचा जीव योरी या वर्गमित्रावर जडलाय, हे आपल्याला फार उशिरा कळतं, आणि तोवर ते वाक्य आपणही सहज कानाआड केलेलं असतं. साकामोतोंच्या लेखनातलं हे सगळ्यात कठोर कलम: शिवी ओळखता येते, मायेतून झालेली जखम ओळखूच येत नाही.

योरीच्या दारुड्या बापाशी मात्र ही पद्धत अडखळते. पोराच्या डोक्यात डुकराचा मेंदू आहे म्हणणाऱ्या या माणसाला स्वतःची बाजू मांडायला चौथा भाग मिळत नाही. मिळायला हवा होता असं म्हणणंही जड जातं, कारण त्याला तर आपण काय करतोय ते पुरतं ठाऊक आहे.