ग्रामवचन आणि संकल्प

विवाहात इतरांच्या मताला स्थान किती असावे, हा प्रश्न आपले लग्न आपणच आखणाऱ्या आजच्या वधूवरांपुढे नव्याने उभा राहिला असला, तरी धर्मशास्त्राच्या दृष्टीने तो नवा नाही. घरगुती संस्कार कसे करावेत हे संक्षिप्त सूत्रांत सांगणाऱ्या ग्रंथांना गृह्यसूत्रे म्हणतात आणि त्यांपैकी आश्वलायनाच्या गृह्यसूत्रात विवाहाचे विधी सांगण्यापूर्वीच असे बजावलेले आहे की, देशोदेशीचे आणि गावोगावचे आचार नाना प्रकारचे आहेत व विवाहात ते पाळावेत. पारस्कर याहून स्पष्ट बोलतो. त्याच्या मते ग्रामवचन, म्हणजे गाव सांगेल ते, करावे, कारण विवाह आणि अंत्यसंस्कार या दोन प्रसंगी गाव हेच प्रमाण असते. प्रमाण म्हणजे ज्याच्या आधारावर एखादी गोष्ट खरी किंवा कर्तव्य ठरते ते. आपस्तंब तर विवाहातील रीती स्त्रियांकडून जाणून घ्याव्यात असे सांगतो. ज्या परंपरेने स्त्रियांना वेदाध्ययनापासून पुष्कळ अंशी दूर ठेवले, तिच्याच सूत्रकाराला लग्नाच्या मांडवात स्त्रियांच्या स्मरणापुढे थांबावे लागले, ही गोष्ट विवाहाचे स्वरूप समजून घेण्याच्या दृष्टीने अत्यंत मोलाची आहे.

हे स्मरण आजही घराघरांत जिवंत आहे. महाराष्ट्रातील अनेक कुळांत लग्नाआधी देवक बसवतात, म्हणजे कुळाचे चिन्ह मानलेल्या वृक्षाची डहाळी किंवा पाचपालवी आणून तिची पूजा करतात. हे देवक कळंबाचे की आणखी कशाचे, ते आणायला कोणी जायचे, घाणा भरताना मुसळाला काय बांधायचे आणि हळद आधी कोणाला लावायची, हे कोणत्याही पोथीत सापडत नाही, ते आजीला किंवा थोरल्या आत्याला ठाऊक असते. असे काही सांगणारी व्यक्ती वधूवरांच्या निर्णयात ढवळाढवळ करते असे म्हणणे अन्यायाचे होईल, कारण तिच्यानंतर ती गोष्ट सांगणारे कोणी उरणार नसते.

अडचण निर्माण होते ती वेगळ्या ठिकाणी. लग्नाच्या बैठकीत, देण्याघेण्याची याद करताना, आमंत्रणांची यादी लिहिताना जे वाक्य सर्वांत जास्त वेळा उच्चारले जाते ते ‘आपल्यात असं नसतं’ हे होय. या वाक्यात एक आठवण असू शकते, एक भीती असू शकते आणि एक इच्छाही असू शकते, परंतु बोलणारा तिन्ही एकाच सुरात बोलतो आणि बहुधा त्याला स्वतःलाही त्यांतला भेद जाणवत नाही. व्याह्यांचा मान म्हणून अमुक जणांना पोशाख द्यावा, हा रीतीचा भाग आहे की कोणाच्या तरी प्रतिष्ठेचा? नोंदणी पद्धतीने लग्न करू नये, हे श्रद्धेपोटी सांगितले जाते की चारचौघांत उत्तरे द्यावी लागतील या धास्तीपोटी? मोठ्या आवाजात मांडलेले प्रत्येक मत ग्रामवचन नसते, आणि म्हणूनच खरे ग्रामवचन ओळखण्याची काही कसोटी असणे आवश्यक ठरते.

अशी कसोटी पूर्वमीमांसेने फार पूर्वी तयार केलेली आहे. पूर्वमीमांसा म्हणजे वेदवाक्यांचा अर्थ कसा लावावा आणि धर्म कशाने ठरतो याचा विचार करणारे दर्शन. जैमिनीची सूत्रे हा त्याचा मूळ ग्रंथ आणि शबरस्वामींचे भाष्य हे त्यावरचे उपलब्ध असलेले सर्वांत जुने भाष्य. सोमयागाच्या मंडपात औदुंबराच्या लाकडाचा एक खांब रोवतात, त्याला औदुंबरी म्हणतात. हा खांब संपूर्ण वस्त्राने गुंडाळावा असे एक स्मृतिवचन सांगते, तर त्याला स्पर्श करून गायन करावे असे श्रुती, म्हणजे वेद, सांगते. खांब पूर्ण झाकला तर त्याला स्पर्श होणार कसा, हा तिथला वाद आहे. श्रुतीशी विरोध असल्यास स्मृती सोडावी, एवढे सांगून जैमिनी थांबत नाही, तर जिथे दिसण्याजोगा हेतू सापडतो तिथेही वचनाचे प्रामाण्य ढळते असे तो पुढे म्हणतो. शबरस्वामी तो हेतू उघड करून सांगतात: वस्त्राच्या लोभाने काही ऋत्विजांनी, म्हणजे यज्ञ चालवणाऱ्या पुरोहितांनी, खांब गुंडाळला असावा आणि कालांतराने तीच रीत होऊन बसली असावी. लग्नातील मानपानाच्या वादांत आजही पुष्कळदा वस्त्रच मध्यभागी असते, हे लक्षात घेतले की या जुन्या विवेचनाची धार कमी झालेली नाही हे पटते. ज्या मताच्या मागे सांगणाऱ्याचा लाभ स्पष्ट दिसतो, मग तो लाभ पैठणीचा असो, पहिल्या पंगतीतील जागेचा असो की नातेवाइकांत मिरवण्याचा असो, त्या मताला परंपरेचा आधार सांगितला तरी ते परंपरा ठरत नाही.

मात्र ही कसोटी स्वस्तात वापरण्याची नाही. सातव्या शतकाच्या सुमारास होऊन गेलेल्या कुमारिल भट्टांनी शबरस्वामींचा हा संशय या उदाहरणापुरता मान्य केला नाही. खांब गुंडाळूनही स्पर्शापुरती जागा मोकळी ठेवता येते आणि ज्यांच्या इतर वचनांवर आपण विश्वास ठेवतो त्यांच्यावर एकाच ठिकाणी लोभाचा आरोप करणे योग्य नव्हे, असा त्यांचा रोख आहे. विवाहाच्या संदर्भात हा आक्षेप अधिकच जपून ठेवावा असा आहे. ज्या काकांनी आयुष्यभर पाठीशी उभे राहून आधार दिला, त्यांनी मुहूर्ताविषयी आग्रह धरला की त्यांना अहंकारी ठरवून मोकळे होणे सोपे असते. परंतु औदुंबरीला स्पर्शापुरती जागा ठेवावी तशी, त्यांचा आग्रह आणि आपला निर्णय दोन्ही राहतील अशी जागा शोधून पाहणे हा पहिला प्रयत्न असला पाहिजे.

मग निर्णयाचा शेवटचा आधार कोणता? मनुस्मृती धर्माच्या प्रमाणांत श्रुती, स्मृती आणि सज्जनांचा आचार यांच्याबरोबर आत्मतुष्टीचाही समावेश करते. आत्मतुष्टी म्हणजे आपल्या अंतःकरणाचे समाधान. कुमारिलांनी हे प्रमाण चर्चेला घेताना कालिदासाच्या दुष्यंताचा दाखला दिला आहे. शकुंतलेशी विवाह करणे आपल्याला उचित आहे की नाही अशी शंका आलेला तो राजा, संशयाच्या प्रसंगी सज्जनांचे अंतःकरणच निर्णय देते असे म्हणून स्वतःला धीर देतो. पण मीमांसक हे प्रमाण कोणाच्याही लहरीला देत नाहीत. दीर्घकाळ सदाचाराने घडलेल्या मनाचाच कौल ते ग्राह्य मानतात. ‘ऐकावे जनाचे, करावे मनाचे’ या म्हणीचा उत्तरार्ध सांगताना पूर्वार्ध गाळला जातो, आणि जे मन कोणाचेच ऐकत नाही त्याचा कौल हा कौल नसून हट्ट असतो, ही बाब त्यामुळे नजरेआड होते.

महाराष्ट्राच्या इतिहासात दिसण्याजोग्या हेतूची ही कसोटी प्रत्यक्ष लावली गेल्याचे ठळक उदाहरण म्हणजे सत्यशोधक विवाह होय. जोतीराव फुले यांनी १८७३ मध्ये पुण्यात सत्यशोधक समाज स्थापन केला आणि त्याच वर्षापासून पुरोहिताशिवाय विवाह लावण्यास आरंभ झाला. या पद्धतीत वधूवर स्वतः मंगलाष्टके म्हणतात आणि वधू वराकडे स्त्रियांच्या हक्काचे वचन मागते. गावाच्या मताविरुद्ध जाणाऱ्या या कुटुंबांना नातलगांची नाराजी सोसावी लागली, ग्रामजोशांनी दक्षिणेच्या हक्कासाठी न्यायालयांत दावेही लावले, आणि शबरस्वामींनी सांगितलेला दिसण्याजोगा हेतू इथे अक्षरशः दाव्याच्या कागदावर उतरला. फुल्यांनी समारंभ आणि साक्षीला आलेले आप्तेष्ट नाकारले नाहीत, ज्यांचा लाभ उघड दिसत होता त्यांची मध्यस्थी तेवढी नाकारली, हा भेद ध्यानात घेण्यासारखा आहे.

कायद्यानेही मत आणि आक्षेप यांच्यात रेघ ओढलेली आहे. १९५४ च्या विशेष विवाह कायद्यानुसार विवाहाची सूचना प्रसिद्ध झाल्यावर ३० दिवसांत कोणीही आक्षेप घेऊ शकतो. परंतु तो वय, आधीचा हयात जोडीदार, संमती देण्याची मानसिक क्षमता किंवा निषिद्ध नाते अशा ठरावीक कारणांवरच घेता येतो, निवड आवडली नाही हे कारण तेथे चालत नाही. त्या ३० दिवसांचा काहींना जाच होतो हे खरे, तरी आक्षेपाची कारणे मोजून ठेवण्यामागचा विचार घरगुती बैठकीतही उपयोगी पडणारा आहे.

विधीच्या रचनेकडे बारकाईने पाहिले तर इतरांचे मत आणि वधूवरांचा निर्णय यांची विभागणी तेथेही आढळते. प्रत्येक धार्मिक कर्माच्या आरंभी संकल्प असतो. देश, काल आणि स्वतःचे नाव उच्चारून ‘हे कर्म मी करतो’ असे पाणी सोडून सांगणे म्हणजे संकल्प, आणि तो ज्याने केला त्याच्याकडेच कर्माचे फळ जाते, हा मीमांसेचा सिद्धान्त आहे. मंगलाष्टके चालू असताना अंतरपाटाच्या दोन्ही बाजूंना गर्दी असते, कुंकवाने लालसर झालेले तांदूळ प्रत्येकाच्या मुठीत असतात आणि प्रत्येक ‘सावधान’ला ते वधूवरांच्या डोक्यावर पडतात, गाव प्रमाण असण्याचा तो क्षण आहे आणि तो पूर्णपणे गावाचा असावा हेच उचित आहे. त्यानंतर अंतरपाट दूर होतो, हार घातले जातात, बहुतेक पाहुणे पंगतीकडे वळतात, आणि होमकुंडाजवळ भटजी, आईवडील, करवली आणि एखाददुसरा भाऊ एवढेच वधूवरांसोबत उरतात. पाटाशेजारी तांदळाच्या सात लहान राशी मांडलेल्या असतात. ज्या विवाहात सप्तपदी हा विधी आहे तो विवाह सातवे पाऊल टाकल्यावर पूर्ण होतो, असे १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याचे सातवे कलम सांगते, आणि त्या राशींवर पाऊल ठेवताना वधूवरांखेरीज दुसऱ्या कोणाचेही पाऊल चालत नाही.