दुसऱ्याच्या पटाशेजारी

गेल्या पावसाळ्यात आमच्या धर्मग्रामातील एक दाम्पत्य आपल्या मुलाला घेऊन आमच्याकडे आले. मुलगा सतरा वर्षांचा. बुद्धिबळात त्याने राज्यपातळीवर नाव मिळविलेले. आणि आता, स्पर्धा पुरे झाल्या, आपल्याला नर्सिंगला जायचे आहे, असे त्याने घरात जाहीर केले होते. आजीच्या शेवटच्या आजारपणात तिची शुश्रूषा त्यानेच केली होती. "फादर, देवाने दिलेले असे मातीत घालणे पाप नाही का? तुम्हीच प्रवचनात सांगता ना?" वडिलांनी विचारले.

आम्ही सांगतो खरे. धन्याने विश्वासाने सोपविलेले पैसे जमिनीत पुरून ठेवणाऱ्या चाकराच्या दाखल्यावर आम्ही वर्षानुवर्षे बोलत आलो आहोत, आणि दर वेळी त्यातून एकच अर्थ काढीत आलो आहोत: अंगी गुण असला की तो वाढविलाच पाहिजे. त्या दिवशी मात्र ते ठरावीक उत्तर आमच्या ओठांवर येईना. मनात विल्यम लोम्बार्डी उभे राहिले होते.

बुद्धिबळाच्या वर्तुळाबाहेर हे नाव फारसे कोणाला ठाऊक नाही. 1937 साली जन्मलेला, न्यूयॉर्कमध्ये वाढलेला हा माणूस. 1957 साली टोरांटो येथे झालेल्या कुमारांच्या जागतिक स्पर्धेत त्यांनी अकरा डाव खेळून अकराही जिंकले. त्या स्पर्धेच्या इतिहासात असा निर्भेळ विजय दुसऱ्या कोणालाही मिळविता आलेला नाही. 1960 साली लेनिनग्राड येथे विद्यार्थ्यांच्या सांघिक स्पर्धेत ते अमेरिकेच्या पहिल्या पटावर बसले. तेथे त्यांनी पुढे जगज्जेता झालेल्या बोरिस स्पास्कीला हरविले, आणि रशियनांच्या घरात जाऊन अमेरिकेच्या संघाने सुवर्णपदक आणले. त्याच वर्षी ते ग्रँडमास्टर झाले. पुढच्या राष्ट्रीय स्पर्धेत बॉबी फिशरच्या मागोमाग दुसरा क्रमांक मिळाल्याने 1962 च्या स्टॉकहोम येथील इंटरझोनल स्पर्धेचे दार त्यांना उघडले होते. जगज्जेतेपदाची वाट त्याच दारातून जात असे. लोम्बार्डी तिकडे गेले नाहीत. ते सेमिनरीत गेले. 1967 साली त्यांना गुरुदीक्षा मिळाली.

आम्हा धर्मगुरूंना ही कथा येथपर्यंत सांगायला फार आवडेल. प्रभूचे पाचारण आले आणि त्याने पट सोडला! पण कथा येथे संपत नाही. पुढे लोम्बार्डी यांनी धर्मगुरूपदही सोडले. त्यांनी विवाह केला, मुलगा झाला, तो विवाहही टिकला नाही. उतारवयात भाडे थकले म्हणून न्यूयॉर्कमधील राहते घर त्यांना सोडावे लागले, आणि 2017 साली कॅलिफोर्नियात त्यांचे निधन झाले. (त्यांना आता फादर म्हणावे की नाही, असा प्रश्न हे लिहिताना आम्हालाही पडला.) पहिला त्याग आमच्या बाजूला आला म्हणून तो जमेला लिहावयाचा आणि दुसरा आमच्यापासून दूर नेणारा म्हणून खर्ची टाकावयाचा, हा हिशेब नव्हे, ही आपल्याच पक्षाची वकिली झाली. ती आम्ही करणार नाही.

त्याऐवजी 1972 च्या उन्हाळ्यातील रेक्याविककडे पाहू. आइसलँडच्या त्या राजधानीत फिशर आणि स्पास्की जगज्जेतेपदासाठी समोरासमोर बसले होते. फिशर पहिला डाव एका प्याद्याच्या मोहात हरला. कॅमेऱ्यांच्या तक्रारीपायी दुसऱ्या डावाला तो आलाच नाही. तिसरा डाव प्रेक्षकांपासून दूर, मागच्या एका खोलीत झाला, तो त्याने जिंकला आणि मग मागे वळून पाहिले नाही. त्याचा सहायक म्हणून बरोबर गेलेला ग्रँडमास्टर म्हणजे फादर लोम्बार्डी.

त्या काळी वेळेत न संपलेला डाव तहकूब होत असे. ज्याची खेळण्याची पाळी, तो आपली पुढची चाल कागदावर लिहून लखोट्यात बंद करी, आणि दुसऱ्या दिवशी लखोटा उघडून डाव पुढे चाले. मधली रात्र सहायकांची. लखोट्यात काय असेल याचा तर्क करीत, एकेक फांदी तपासत ही माणसे जागत. सकाळी नाव मात्र खेळणाऱ्याचे. स्वतः स्पास्कीला हरविलेल्या माणसाने दुसऱ्याच्या पटाशेजारी असे बसावे, याला काय म्हणावयाचे? गुण पुरून ठेवणे? फिशर तर कोणाचे सहसा ऐकून घेणारा नव्हता, म्हणजे सल्ला मानला जाईल याचीही खात्री नाही. फिशरने साडेबारा विरुद्ध साडेआठ गुणांनी जगज्जेतेपद मिळविले.

आणि मग फिशरने काय केले? ज्याने शाळा सोडली, ज्याला बुद्धिबळापलीकडे दुसरे काही नव्हते, तो शिखरावर पोहोचल्यानंतर वीस वर्षे एकही स्पर्धात्मक डाव खेळला नाही. 1975 साली कार्पोवविरुद्ध तो पटावर आलाच नाही आणि पद गेले. उलट ज्यांनी पट सोडला असे आपण म्हणतो, ते लोम्बार्डी अधूनमधून खेळतच राहिले. 1976 साली हैफा येथील ऑलिंपियाडमध्ये अमेरिकेने सुवर्णपदक मिळविले, त्या संघात ते होते.

दाखला आम्ही पुन्हा काढून वाचला. इतकी वर्षे आमची नजर जमिनीतल्या खड्ड्यावर होती. चाकर मात्र धन्याला स्पष्ट सांगतो की, तो भ्याला होता. धनी कठोर आहे असे त्याने मनाशी धरले होते, आणि म्हणून त्याने खड्डा खणला. म्हणजे एखादी गोष्ट सोडली की नाही, हा प्रश्नच अपुरा. ती भीतीने सोडली का, हे विचारावयास हवे. पटाला चिकटून राहणेही भीतीचे असू शकते. झग्याला चिकटून राहणेसुद्धा, हे आमच्या पेशातील माणसाने कबूल केलेले बरे. लोम्बार्डी यांच्या मनात दोन्ही वेळा काय होते, ते आम्ही जाणत नाही. तो लखोटा बंदच आहे.

पण मुलगा समोर बसला होता. आम्ही वडिलांना उत्तर न देता त्यालाच विचारले, "हरण्याची भीती वाटते म्हणून सोडतोस का रे?"

तो बराच वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "पूर्वी वाटायची, फादर. आता भीती नर्सिंगचीच जास्त वाटते."

वडील खिडकीबाहेर पावसाकडे पाहत होते. आईने मुलाच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि आम्हाला विचारले, "फॉर्म भरायची तारीख कधी असते, फादर?"