आपले म्हणणे

गायरानातल्या झोपड्या हटवल्या, त्याला आता दहा-बारा वर्षे होतील. मी त्या वेळी त्या गावच्या शाळेत मास्तर होतो. हटवण्याच्या दोन दिवस आधी एक म्हातारी शाळेच्या पायरीशी येऊन बसली. रेशनकार्डाच्या पिशवीतून तिने घडी घातलेला कागद काढला. त्यावर गोल शिक्का होता, म्हणून तिने तो जपून ठेवला होता. अतिक्रमण का काढू नये, याविषयी आपले म्हणणे मंगळवारी अकरा वाजता समक्ष हजर राहून मांडावे, असा त्यातला मजकूर होता. तो दिवस गुरुवार होता.

“म्हंजी मला बोलावलं हुतं व्हय, गुरुजी?” ती म्हणाली. “मंग ग्येले असते की.”

तिला घेऊन मी कचेरीत गेलो. कारकून शांतपणे म्हणाला, “जागा सरकारची. ही बाई येऊन सांगणार तरी काय होती?”

तो मनुष्य दुष्ट नव्हता, आणि प्रश्नही वेडगळ नव्हता. शेवट ठरलेलाच असेल, तर ऐकून घेण्याला अर्थ काय? मला उत्तर सुचले नाही. परतीच्या वाटेवर मी म्हातारीलाच विचारले. तिचा नवरा गावचा गुराखी होता. गुरांवर नजर राहावी म्हणून गावानेच त्याला गायरानात बसवले होते. कायद्यापुढे ही सबब टिकली असती की नाही, कोण जाणे. पण कचेरीतल्या एकाही कागदावर ती नव्हती.

गायरान हा गावच्या गुरांचा घास आहे. तो कोणी बळकवावा, असे मी म्हणणार नाही. २८ जानेवारी २०११ रोजी जगपाल सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने अशा सामाईक जमिनी त्वरेने मोकळ्या करण्यास राज्यांना सांगितले. परंतु आधी कारणे दाखवा नोटीस द्यावी आणि थोडक्यात का होईना, ऐकून घ्यावे, असेही म्हटले. ते उगाच नव्हे. तारेचे कुंपण घालून ऊस लावणारा आणि दहा हातांत चूल मांडणारी, दोघेही सरकारी यादीत अतिक्रमणदारच. त्यांच्यातला भेद विचारल्यावाचून कळत नाही.

कारकुनाचा प्रश्न मुंबईत पूर्वीच विचारून झाला होता. जुलै १९८१ मध्ये, ऐन पावसात, फुटपाथवरच्या झोपड्या हटवायचे सरकारने ठरवले. १८८८ च्या महापालिका कायद्याचे ३१४ वे कलम विनानोटीस हटवण्याची मुभा देत होते. ओल्गा टेलिस खटल्यात, १० जुलै १९८५ रोजी, सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड यांच्या घटनापीठाने सांगितले की मुभा म्हणजे आज्ञा नव्हे; आणि समोरच्याजवळ उत्तर नाहीच, असे आधीच धरून नोटीस टाळता येत नाही. निकाल काहीही लागो, ऐकून घेण्याला स्वतःचे मोल आहे.

त्याच निकालाचा उत्तरार्ध मात्र मला अस्वस्थ करतो. महापालिकेने नाकारलेली संधी न्यायालयातल्या सुनावणीने मिळालीच आहे, असे मानून झोपड्या हटवण्यास मुभा देण्यात आली. फक्त पावसाळा सरेपर्यंत, ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत, थांबावे असे ठरले. पण वकिलांचा युक्तिवाद म्हणजे एकेका चुलीचे म्हणणे नव्हे. पुढे १३ नोव्हेंबर २०२४ च्या निकालाने बांधकाम पाडण्यापूर्वी १५ दिवसांची नोटीस आवश्यक केली. त्या निर्देशांतून रस्ते, फुटपाथ, रेल्वेमार्गालगतच्या जागा वगळल्या. ज्यांच्यापासून प्रश्न निघाला, ते पुन्हा बाहेरच राहिले.

ऐकून घेणे म्हणजे आपले मत बदलण्याची तयारी ठेवणे, असे मला वाटते. ती तयारी नसेल, तर नोटीस ही नुसती पोच होते. आणि ज्याला ती वाचता येत नाही, त्याला ती मिळालीच नाही, असे धरले पाहिजे.

हे कचेरीला सुनावताना माझीच जीभ अडखळते. तो कागद शाळेपासून दोनशे पावलांवर आठवडाभर पडून होता. म्हातारीचा नातू माझ्याच वर्गात तिसरीला होता. कविता तो घडाघडा म्हणे. घरात आलेला कागद वाचून दाखव, असे मी त्याला कधी शिकवले नव्हते.

शनिवारी झोपडी पडली. सोमवारी मी हजेरीपटात त्याच्या नावापुढे गैरहजेरी मांडली. कारण विचारायला तो समोर नव्हता.