कर्त्याचा अधिकार कोठवर?

एखादी कृति निर्माण केल्यावर ती नाहींशी करण्याचा अधिकार तिच्या कर्त्यास असतो काय, हा प्रश्न फार जुना आहे. चित्रकारानें आपलें चित्र फाडलें, किंवा कवीनें आपली वही चुलींत घातली, तर आपण हळहळतों. परंतु त्याचा हात धरण्याचा हक्क आपणांस आहे असें सहसा म्हणत नाहीं. मात्र तेंच चित्र त्यानें विकलें असेल, किंवा त्या कवितांचें पुस्तक छापून हजार घरांत गेलें असेल, तर प्रश्नाचें स्वरूप पालटतें. कर्ता पुढील आवृत्ति काढण्याचें नाकारूं शकतो. पण लोकांच्या कपाटांतील प्रती परत मागूं शकत नाहीं. पुस्तक दुर्मिळ होतें, पण नष्ट होत नाहीं. रद्दीच्या दुकानांत, ग्रंथसंग्रहालयाच्या माळ्यावर, कोणा हौशी वाचकाच्या पेटींत तें जीव धरून राहतें. कर्त्याचा अधिकार आणि समाजाचा अधिकार यांमधील ही वाटणी कोणी सभा भरवून ठरविली नव्हती. कागद आणि शाई यांच्या स्वभावानेंच ती घडून आली होती. म्हणूनच ती किती मोलाची होती, हें तिच्या अभावीं आज कळूं लागलें आहे.

हा अभाव जेथें स्पष्ट दिसतो असें एक क्षेत्र म्हणजे मोबाइल फोनवरील खेळांचें. विचारी वाचकांच्या मासिकांत पोरखेळाची चर्चा कशाला, असें कोणास वाटेल. त्या आक्षेपाकडे पुढें वळूंच. ॲपल कंपनीनें २००८ च्या जुलै महिन्यांत आपलें ॲप स्टोअर उघडलें, आणि थोड्याच वर्षांत आगगाडींत, दवाखान्याच्या बांकावर, रात्रीं अंथरुणांत लहानथोर सारेच हे खेळ खेळूं लागले. परंतु पांचदहा वर्षांपूर्वीं आवडलेला एखादा खेळ नव्या फोनवर घेऊं जावें, तों पुष्कळदां तो त्या दुकानांत नसतो. तो संपलेला नसतो, कारण अशी वस्तु विकून संपत नाहीं. तो काढून घेतलेला असतो. दुसरीकडे जाऊन तो शोधण्याची सोयहि बहुधा नसते. अँड्रॉइड फोनांत बाहेरून ॲप घालण्याची वाट आहे. आयफोनवर ती दीर्घकाळ बंदच होती. म्हणजे येथें दुकान हाच छापखाना, दुकान हेंच पुस्तकालय आणि दुकान हाच रद्दीवाला. त्यानें हात आखडला कीं बहुतेक वाटा एकदम मिटतात.

खेळांचे कर्ते असें कां करितात? त्यांच्यावर आळ घेण्यापूर्वीं त्यांचीं कारणें नीट पाहिलीं पाहिजेत; कारण तीं सर्व एका मोलाचीं नाहींत.

पहिलें कारण श्रमाचें व खर्चाचें आहे. छापलेलें पुस्तक स्वतःच्या पायांवर उभें असतें; हे खेळ दुसऱ्याच्या भूमीवर उभे असतात, आणि ती भूमि दरसाल सरकते. २०१७ च्या सप्टेंबरांत ॲपलनें 'आयओएस ११' ही प्रणाली आणली आणि जुन्या, ३२ बिटांच्या घडणीचीं ॲपें तिजवर चालेनाशीं झालीं. ज्यांनीं आपला खेळ नव्यानें घडविला नाहीं, त्यांचा खेळ त्या प्रणालीपुरता मेला. पुढें २०२२ सालीं, तीन वर्षांत सुधारणा न झालेलीं व फारशी मागणी नसलेलीं ॲपें काढून टाकण्याविषयींच्या सूचना ॲपलनें कर्त्यांस धाडल्या. गूगलनेंहि त्याच वर्षीं, ठराविक मुदतीपलीकडे जुनीं राहिलेलीं ॲपें नव्या फोनांच्या नव्या गिऱ्हाइकांस दिसूं नयेत असा नियम लागू केला. ॲपलच्या दुकानांत माल ठेवावयाचा तर वर्षास ९९ डॉलर वर्गणी भरावी लागते. ती थकली कीं मालहि जातो. एकट्यानें बसून खेळ रचणाऱ्या कारागिरास हें ओझें किती जड होत असेल, हें सांगावयास नको. मोठ्या कंपन्यांसहि तें पेलत नाहीं. २०१० ते २०१३ या काळांत निघालेले 'इन्फिनिटी ब्लेड' मालिकेचे तीन खेळ एपिक कंपनीनें १० डिसेंबर २०१८ रोजीं विक्रींतून काढले, तेव्हां आपणांस शोभेल अशा रीतीनें ते सांभाळणें उत्तरोत्तर कठीण होत आहे, असेंच कारण तिनें दिलें होतें. या कारणास दोष देतां येत नाहीं. एकदां विकलेल्या वस्तूसाठीं मनुष्यानें जन्मभर राबावें असें म्हणणें म्हणजे त्यास वेठीस धरणें होय.

दुसरें कारण उसन्या नांवाचें. पुष्कळ खेळ दुसऱ्याच्या मालकीचें नांव, पात्र किंवा संगीत कराराच्या मुदतीपुरतें वापरीत असतात. मुदत सरली कीं बिऱ्हाड हलवावें लागतें. टेट्रिसचे जे खेळ इलेक्ट्रॉनिक आर्ट्स ही कंपनी मोबाइलवर चालवीत असे, ते २१ एप्रिल २०२० रोजीं बंद झाले, आणि ज्यांच्या फोनांत ते होते त्यांसहि त्यानंतर ते खेळतां येईनात. येथें करार दोघांचा, आणि भुर्दंड मात्र तिसऱ्यास. घरमालक आणि भाडेकरी यांचा व्यवहार संपला म्हणून भाडेकऱ्यानें कोणास विकलेली खुर्ची कोणी उचलून नेत नाहीं. उसन्या नांवाचें कारण कायद्यास पुरेसें असेल. नीतीस तें अपुरें वाटतें.

तिसरें कारण विरळा, आणि म्हणूनच विशेष विचार करण्याजोगें आहे. हनोई येथील डॉंग न्गुयेन या तरुणानें २०१३ च्या मे महिन्यांत 'फ्लॅपी बर्ड' नांवाचा अगदीं साधा खेळ काढला. पुढील वर्षाच्या आरंभीं तो जगभर इतका पसरला, कीं जाहिरातींपासून त्यास रोज सुमारें ५०,००० डॉलर मिळत असल्याचें प्रसिद्ध झालें. अशा ऐन भरांत, फेब्रुवारी २०१४ मध्यें, त्यानें तो खेळ स्वतः होऊन दुकानांतून काढून घेतला. आपण विरंगुळ्यासाठीं केलेली वस्तु लोकांस व्यसन लावीत आहे, आणि आपलें स्वतःचें साधें आयुष्यहि तिनें बिघडविलें आहे, असें त्याचें म्हणणें होतें. लाभावर पाणी सोडून विवेकाचें ऐकणाऱ्या मनुष्यापुढें कोणाचीहि मान लवेल. आणि त्यानें एक मर्यादाहि पाळली: ज्यांनीं खेळ आधींच घेतला होता त्यांच्या फोनांतून तो पुसला नाहीं. त्यानें आपला हात काढून घेतला. दुसऱ्याच्या हातांतील वस्तु हिसकली नाहीं. पुढें काय झालें तें मात्र विचार करावयास लावणारें आहे. तो खेळ असलेले फोन लिलावाच्या बाजारांत भलत्या किमतींस मांडले गेले. आणि २०२४ सालीं दुसऱ्याच एका मंडळीनें त्या नांवाचा हक्क मिळवून नव्या खेळाची घोषणा केली, तेव्हां आपला याशीं कांहीं संबंध नाहीं असें मूळ कर्त्यास जाहीर करावें लागलें. कृति मागें घेतां येते, परंतु लोकांच्या मनांत तिनें मिळविलेली जागा मागें घेतां येत नाहीं. ती रिकामी दिसली कीं तींत दुसरा कोणी येऊन बसतो.

चौथें कारण सर्वांत कमी बोललें जातें: जुना माल नव्याच्या आड येतो. फिनलंडांतील रोव्हिओ कंपनीचा 'अँग्री बर्ड्‌स' हा मूळ खेळ डिसेंबर २००९ मध्यें निघाला. तो पुढें दुकानांतून गेला. लोकांनीं तो पुन्हा मागितला, आणि ३१ मार्च २०२२ रोजीं कंपनीनें तो नव्या साधनांनीं घडवून परत आणला. एका डॉलरास एक सेंट कमी एवढी किंमत एकदां द्यावयाची. मध्यें जाहिराती नाहींत, खेळतां खेळतां आणखी पैसे मागणें नाहीं. वर्षहि पुरें झालें नाहीं तों, फेब्रुवारी २०२३ मध्यें, गूगलच्या दुकानांतून तो काढण्यांत आला व ॲपलच्या दुकानांत त्याचें नांव बदललें. आपल्या इतर खेळांवर त्याचा परिणाम होत आहे, हें कारण कंपनीनें आडपडदा न ठेवतां सांगितलें. ज्यांनीं तो आधीं घेतला होता त्यांस तो खेळतां येईल, असेंहि सांगितलें. तेवढें श्रेय तिला दिलें पाहिजे. पण या कारणाचा अर्थ काय होतो? येथें खेळ मोडका नव्हता, सांभाळण्यास अशक्य नव्हता, घातकहि नव्हता. थोडक्या पैशांत माणसाचें समाधान करणारी वस्तु, वारंवार पैसे मागणाऱ्या वस्तूंच्या शेजारीं उभी होती, हाच तिचा अपराध! व्यापाऱ्याच्या वहींत हा हिशेब बरोबर असेल. परंतु गिऱ्हाइकाचें समाधान हाच ज्या धंद्यांत दोष ठरतो, त्या धंद्याच्या नीतीविषयीं शंका घेण्यास जागा राहते.

एवढ्यावरून एक भेद स्पष्ट होतो. विकणें थांबविणें ही एक गोष्ट, आणि वस्तु अप्राप्य करणें ही दुसरी. पहिलीचा अधिकार कर्त्यास पूर्ण आहे. त्यासाठीं त्यानें कारणहि सांगण्याची गरज नाहीं. दुसरीचा अधिकार त्यास कोणीं दिला? तो कोणींच दिलेला नाहीं. यंत्राच्या रचनेमुळें तो आपोआप त्याच्या पदरांत पडला आहे. जुन्या काळीं या दोन क्रिया निसर्गतःच वेगळ्या होत्या. आज एकच कळ दाबल्यानें दोन्ही घडतात, आणि पहिलीच्या हक्काचें पांघरूण दुसरीवर सहज घातलें जातें.

आतां पूर्वीं राखून ठेवलेला आक्षेप. खेळच ते, गेले तर काय बिघडलें? आमच्याकडील सागरगोटे, विटीदांडू, सारीपाट यांस कोणी धनी नव्हता. म्हणून आजीनें नातीस ते शिकवावे आणि ते पिढ्यान्‌पिढ्या चालावे, यांत कोणाची आडकाठी नव्हती. खेळ क्षुद्र असतात असें ज्यांस वाटतें त्यांनीं आठवून पाहावें, कीं भावंडांशीं आपलें पहिलें भांडण व पहिली समजूत बहुधा एखाद्या पटावरच झालेली असते. आणि कोणती वस्तु क्षुद्र, हें तिच्या समकालीनांस कळतेंच असेंहि नाहीं. आपल्या देशांत बोलपटाचा आरंभ १९३१ च्या 'आलम आरा' नें झाला. त्याची एकहि प्रत आज उपलब्ध नाहीं. दादासाहेब फाळके यांच्या १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्रा'चा केवळ कांहीं भाग उरला आहे. चित्रपट हा कित्येक प्रतिष्ठित घरांत तेव्हां हलका नाद समजला जाई. आणि खेळ उतरल्यावर फितींचें मोल त्यांतील चांदीपुरतें धरून त्या वितळविणारेहि होते. १९६४ सालीं पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालें, तोंवर मूकपटांपैकीं फार मोठा भाग नाहींसा झाला होता. तीच गोष्ट खेळांची होऊं घातली आहे. २०१० पूर्वीं अमेरिकेंत प्रसिद्ध झालेल्या व्हिडिओ खेळांपैकीं सुमारें ८७ टक्के आतां बाजारांत सरळ मार्गानें मिळत नाहींत, असें तेथील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेनें २०२३ सालीं दाखवून दिलें. मोबाइलवरील खेळ तर दुकानाच्या दाव्यास अधिकच घट्ट बांधलेले.

मग कर्त्याकडून न्यायानें काय मागावें? श्रम मागूं नयेत. अडवणूक सोडावी एवढेंच मागावें. पहिली अपेक्षा पूर्वसूचनेची: खेळ जाणार असेल तर पुरेसे दिवस आधीं सांगावें. दुसरी अपेक्षा शब्दाच्या खरेपणाची. वस्तु 'विकत घ्या' म्हणून पैसे घ्यावयाचे, आणि मागाहून तो केवळ परवाना होता असें सांगावयाचें, ही भाषेशींच लबाडी आहे. अमेरिकेंतील कॅलिफोर्निया संस्थानांत १ जानेवारी २०२५ पासून लागू झालेला कायदा विक्रेत्यास, आपण परवाना देत आहों हें स्पष्ट सांगावयास लावतो. ही सुरवात चांगली आहे. तिसरी व मुख्य अपेक्षा अशी, कीं विक्री बंद करतांना एक प्रत कोठें तरी जाणत्या हातीं ठेवावी. पुस्तकांच्या बाबतींत आपण हें केव्हांच मान्य केलें आहे: १९५४ च्या कायद्यान्वयें प्रकाशकानें प्रत्येक पुस्तकाची प्रत कलकत्त्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयास व मुंबईसह इतर नेमलेल्या ग्रंथालयांस द्यावयाची असते. त्यामुळें कोणा प्रकाशकाचें दिवाळें निघालें असें ऐकिवांत नाहीं. परंतु खेळांच्या बाबतींत वारें उलट आहे. बाजारांतून गेलेले खेळ अभ्यासकांस दुरून पाहावयास देण्याची सवलत संग्रहालयांनीं मागितली, ती अमेरिकेच्या कॉपीराइट कचेरीनें ऑक्टोबर २०२४ मध्यें नाकारली. लोक त्यांचा करमणुकीसाठीं उपयोग करतील व बाजारास धक्का बसेल, ही उद्योगाची भीति आडवी आली. जी वस्तु आपण विकणारच नाहीं, तिच्या बाजाराची एवढी काळजी वाहावी, हें चमत्कारिक खरेंच.

कर्त्याचा अधिकार आम्ही लहान लेखीत नाहीं. ज्यानें रात्री जागून एखादी वस्तु घडविली, तिच्यापासून मिळणारें फळ त्याचें. ती पुढें विकावी कीं नाहीं हें ठरविणेंहि त्याचेंच. परंतु जी वस्तु त्यानें लाखों माणसांच्या हातीं दिली, ज्यांनीं तिजवर आपल्या फुरसतीच्या घटका खर्च केल्या, त्यांच्या स्मृतींत तिचा एक अंश रुजलेला असतो, आणि त्या अंशाचा मालक कर्ता नव्हे. ज्या मुलानें २००९ सालीं तीं रागीट पाखरें पहिल्यानें गोफणींतून सोडलीं, तो आज बाप झाला असेल. त्याच्या आजीनें त्याच्या आईस सागरगोटे शिकविले, तेव्हां तिला कोणाची परवानगी लागली नाहीं. तो आपल्या मुलास आपला खेळ दाखवूं जाईल, तेव्हां 'हा खेळ आतां मिळत नाहीं' एवढेंच उत्तर त्यास मिळावें, हें आपल्या समाजास शोभतें काय, याचा वाचकांनींच विचार करावा.