विनोदाची घडण आणि श्रद्धेचा प्रश्न

विनोदाची घडण बहुतेक भाषांत सारखीच असते. आधी एक प्रसंग उभा राहतो, ऐकणाऱ्याच्या मनात त्याचा शेवट आकार घेऊ लागतो आणि ऐन वेळी शेवटचे वाक्य भलतीकडेच वळते. त्या वळणालाही आपला असा एक तर्क लागतो. नुसत्या असंबद्ध बडबडीला कोणी हसत नाही. इमॅन्युएल कांटने १७९० साली हसण्याचे मूळ ताणलेल्या अपेक्षेचे एकाएकी काहीच न उरण्यात शोधले. त्याआधी थॉमस हॉब्जने ते दुसऱ्याची उणीव पाहून स्वतःचा मोठेपणा अचानक जाणवण्यात मानले होते. फ्रॉइडने १९०५ साली दडपलेल्या प्रवृत्तींना विनोदात वाट मिळते, असे मांडले.

तुर्कस्तानपासून मध्य आशियापर्यंत सांगितल्या जाणाऱ्या मुल्ला नसरुद्दीनच्या एका गोष्टीत ही घडण उघड दिसते. प्रवचनाला उभा राहून तो विचारतो, ‘मी काय सांगणार, ठाऊक आहे का?’ लोक ‘नाही’ म्हणतात. अशा अडाण्यांना काय सांगायचे, म्हणून तो निघून जातो. पुढच्या खेपेला सगळे ‘हो’ म्हणतात. मग सांगायची गरजच काय, म्हणून तो पुन्हा जातो. तिसऱ्या खेपेला लोक ठरवून अर्धे ‘हो’, अर्धे ‘नाही’ म्हणतात. मुल्ला म्हणतो, ‘मग ठाऊक असलेल्यांनी बाकीच्यांना सांगावे.’ पहिल्या खेपेने प्रसंग उभा राहतो, दुसरीने त्याचा साचा पक्का होतो आणि तिसऱ्या खेपेला लोकांनी लावलेला सापळा त्यांच्यावरच उलटतो. इथे थट्टा होते ती उपदेश देण्याघेण्याच्या रिवाजाची. देवाला धक्काही लागत नाही.

धर्मविषयक विनोदांचे विषयही ठरावीक असतात: उपदेशकाचा लोभ, अर्थ न कळता केलेले कर्मकांड, देवाशी घासाघीस आणि पंथापंथांतली चढाओढ. पण देवधर्माच्या संदर्भात हसणे चालते का, यावर मते वेगळी होती. प्लेटोला देवांना खदखदून हसताना दाखवणेही मान्य नव्हते. याउलट सोळाव्या शतकात संत एकनाथांनी भारुडांतून थट्टेला परमार्थाच्या कामी लावले. त्यांच्या ‘हिंदू-तुर्क संवादा’त हिंदू आणि मुसलमान एकमेकांच्या आचारांतली विसंगती चव्हाट्यावर आणतात आणि अखेर त्यांचा समेट होतो. दोघांच्याही आचारांची झाडाझडती होते, हेच त्या थट्टेचे बळ.

अपेक्षाभंगाची रचना स्वतः ना पवित्र असते, ना पाखंडी. तिने साधूचा दंभही उघडा पडतो आणि दुबळ्या समाजाची हेटाळणीही होऊ शकते. म्हणून धार्मिक विनोद पारखताना कोणावर हसले जात आहे आणि हसणारा स्वतःलाही त्या थट्टेत धरतो का, हे पाहावे. दंभावरच्या हसण्याने श्रद्धा डळमळत नाही. डळमळते ती तिच्या नावाने चालणारी दुकानदारी.