सातवं दर्शन

आपल्याकडे दर्शनं सहा. सांख्य, योग, न्याय, वैशेषिक, मीमांसा आणि वेदान्त. ही नावं घडाघडा म्हणून दाखवली की समोरचा पुढे काही विचारत नाही, हा त्यांचा मोठाच फायदा. वैशेषिकांनी तर नऊ द्रव्यांत पहिला मान पृथ्वीला दिला. पण ती खणायची झाली तर तिच्याशी वागायचं कसं, हे काही सांगितलं नाही. तेव्हा सातवं दर्शन मी सुरू करतो. नाव खाणदर्शन. संस्थापक, भाष्यकार आणि तूर्त एकमेव अनुयायी मीच, त्यामुळे पंथात फूट पडायची भीती नाही.

सूत्रं मात्र माझ्या पदरची नाहीत. ठिकठिकाणचे खाणकामगार ती न लिहिता पाळत आले. मी फक्त क्रमांक घातले.

सूत्र पहिलं : पृथ्वी गर्भार असते. धातू तिच्या पोटात वाढतात. रोमन पंडित प्लिनी याने इसवीसनाच्या पहिल्या शतकात लिहून ठेवलंय, की शिशाच्या खाणी काही काळ सोडून दिल्या की पुन्हा जोमाने भरतात. शेत पडीक ठेवावं, तसंच. पुढे शास्त्रज्ञांनी ही समजूत खोटी ठरवली. पण त्या खोट्या समजुतीपायी खाणीला विश्रांती तरी मिळत असेल. एकदा काढलेला कोळसा पुन्हा भरत नाही हे आता आपल्याला नक्की ठाऊक आहे, आणि ठाऊक झाल्यापासून आपण तो दुप्पट घाईने काढतो आहोत!

सूत्र दुसरं : खाली कुणीतरी राहतं. जर्मनीत सॅक्सनीच्या डोंगरातल्या कामगारांना एक खनिज सापडायचं. वाटायचं चांदीचं, भट्टीत घातलं की चांदी नाहीच, वर विषारी धूर. ही 'कोबोल्ड' नावाच्या भुताची खोडी, असं ते म्हणत. १७३५च्या सुमारास गेओर्ग ब्रांट या स्वीडिश रसायनशास्त्रज्ञाने त्यातला नवा धातू ओळखला. धूर आर्सेनिकचा निघाला. भूत गेलं, नाव तेवढं उरलं : कोबाल्ट. हाच कोबाल्ट आज मोबाइलच्या बॅटरीत असतो. म्हणजे ज्याच्या नावाने सॅक्सनीतली दांडगी माणसं टरकायची, त्याला आपण खिशात घालून हिंडतो, रात्री उशाशी घेतो आणि सकाळी देवाआधी त्याचंच तोंड बघतो. जगातला निम्म्याहून अधिक कोबाल्ट आफ्रिकेतल्या काँगोतून येतो. त्यातला काही तिथली माणसं हातांनी खणून काढतात. भूत आपल्या बाजूने उतरलंय, एवढंच.

सूत्र तिसरं : जो खाली राहतो त्याच्याशी नातं जोडावं. दक्षिण अमेरिकेत बोलिव्हियात पोतोसी नावाचं गाव आहे. तिथल्या डोंगरात १५४५ साली चांदी सापडली. आजही त्या खाणीत मातीची, शिंगं असलेली मूर्ती बसवलेली असते. तिचं नाव 'तीओ', म्हणजे काका. कामगार काकांपुढे कोकाची पानं ठेवतात, दारू शिंपडतात, तोंडात सिगारेट पेटवून देतात. हीच माणसं वर आली की चर्चमध्ये गुडघे टेकतात. वर येशू, खाली काका! खात्यांची इतकी स्वच्छ वाटणी आपल्या मंत्रिमंडळालाही कधी साधली नाही. नात्यातला माणूस जीव घेताना दोनदा विचार करील, असा त्यांचा हिशेब असावा. १७७३ सालचा शनिवारवाडा आठवणाऱ्या मराठी माणसाला काकांबद्दल एवढी खात्री वाटणार नाही. पण श्रद्धेच्या बाबतीत आपण कशाला बोला?

सूत्र चौथं : खणण्याआधी क्षमा मागावी. हे आपल्याला परकं नाही. अथर्ववेदाच्या भूमिसूक्तात ऋषी पृथ्वीला विनवतो, की मी तुझं जे खणीन ते लवकर भरून येवो, तुझ्या मर्माला माझा धक्का न लागो. युरोपात हे प्रकरण थेट कोर्टात गेलं. पंधराव्या शतकाच्या अखेरीस पाउलुस नियाविस या जर्मन लेखकाने एक खटला रचला. फाटक्या वस्त्रातली, अंगभर जखमा झालेली पृथ्वी माणसावर मातृहत्येचा आरोप करते. माणूस म्हणतो, 'ही कसली आई? धातू लपवून ठेवते, ही सावत्र आई!' निकाल असा, की माणसाने खणावं. आणि पृथ्वीने त्याला गिळावं. दोन्ही पक्ष जिंकले, दोन्ही हरले. कोर्टाची पायरी चढलेल्यांना यात नवल वाटू नये.

आता खरा प्रश्न. माफी मागून केलेला गुन्हा गुन्हा राहत नाही का? पाकीटमाराने 'माफ करा हं' म्हणून पाकीट मारलं, तर आपण त्याला पंथ म्हणू का?

माझं भाष्य असं, की माफी कोण मागतो ते पाहावं. आपल्या भूमिपूजनात मंत्रिमहोदय नारळ फोडतात, कुदळ मातीला जेमतेम टेकवतात, फोटो निघतो, आणि उन्हात खणायला गडी येतात. माफी एकाची, घाम दुसऱ्याचा. खाणीत उलटं. तिथे जो खणतो तोच हात जोडतो, आणि स्वतःची मान गहाण ठेवून जोडतो. त्याची माफी खोटी म्हणायची माझी छाती नाही. धनबादजवळ चासनाळ्याच्या कोळशाच्या खाणीत २७ डिसेंबर १९७५ला पाणी घुसलं आणि ३७०हून अधिक माणसं खालीच राहिली. पृथ्वीने निकालाची अंमलबजावणी केली, पण भलत्याच आरोपीवर. पोतोसीची चांदी स्पेनच्या राजाकडे गेली. राजाने काकांना सिगारेट दिल्याचं ऐकिवात नाही.

आणि आपण तरी कुठे दिली? चंद्रपूरच्या केंद्रात कोळसा जळतो, तेव्हा आपल्याकडे पंखा फिरतो. बटण दाबताना कुणाची क्षमा मागायची असते, हे आपल्याला कुणी शिकवलंच नाही. विजेच्या बिलात स्थिर आकार असतो, वहन आकार असतो, इंधन समायोजन आकारही असतो. काकांचा आकार कुठेच नाही. खाणदर्शनाचं पाचवं सूत्र त्यासाठीच राखून ठेवलंय : जो वापरील, त्यानेही थोडं भ्यावं.

अनुयायी वाढतील अशी आशा आहे. वर्गणी नाही.