कॅमेऱ्याची गवाही

माहितीपट काढणारा माणूस अखेर गवाह असतो. आपल्याकडे गवाहीचा दर्जा मोठा आणि तिच्या अटीही कडक. पाहिले तेवढेच सांगावे, आपल्या माणसाविरुद्ध जात असले तरी सांगावे. विज्ञानाला जाब विचारणाऱ्या माहितीपटाला या अटी लागू आहेत का?

मिखा पेलेड यांचा 'बिटर सीड्स' (२०११) यवतमाळ जिल्ह्यातल्या तेलंग टाकळीत चित्रित झाला. बीटी कापसाचा एक हंगाम, सावकाराचे दार आणि पत्रकार होऊ पाहणारी गावातलीच एक मुलगी. तिच्या बापाने आत्महत्या केलेली. ती शेजाऱ्यांना प्रश्न विचारते तेव्हा चित्रपट खरा होतो, कारण ते विचारण्याचा तिला हक्क आहे. आपल्या डोणगावच्या कोरडवाहू वावरातल्या माणसाला त्यातले काहीच परके वाटणार नाही.

पण बियाणे आले आणि माणसे मेली, एवढा सरळ धागा प्रेक्षक घरी घेऊन जातो. बीटीला मंजुरी मिळाली मार्च २००२ मध्ये. चिलगव्हाणच्या शेतकरी कुटुंबाची सामूहिक आत्महत्या १९८६ ची. आंतरराष्ट्रीय अन्न धोरण संशोधन संस्थेच्या २००८ च्या अभ्यासानेही बीटीला आत्महत्यांचे आवश्यक किंवा पुरेसे कारण मानले नाही. काही भागांत ते फसले, हे मात्र मान्य केले. गवाहाने पाहिल्यापेक्षा जास्त सांगितले की आरोपीचा वकील खूश होतो. आकडे खोटे ठरवले की कंपनी सुटली, आणि खरा गुन्हा कोणी विचारतच नाही.

तो गुन्हा माझ्या मते १२० ग्रॅमचा आहे. बीटीच्या ४५० ग्रॅमच्या पाकिटासोबत साध्या कापसाचे १२० ग्रॅम बियाणे मिळे. ते वावराच्या कडेने लावायचे. पाच ओळी किंवा पाचवा हिस्सा, जे जास्त असेल ते. साध्या पराटीवर वाढलेल्या अळ्यांच्या पतंगांचा बीटीवर तगलेल्या अळ्यांच्या पतंगांशी संकर झाला की विषाला दाद न देण्याचा गुण सावकाश पसरतो. शास्त्र पक्के होते. पण तीन एकरवाल्याने अळीसाठी जमीन का सोडावी, हे त्याच्या बोलीत कोणी सांगितले? बहुतेकांनी ते पाकीट फेकले. गुलाबी बोंडअळी बीटीला पुरून उरली आणि २०१७ मध्ये विदर्भाची बोंडे किडली. त्याच हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने वीसहून अधिक शेतकरी-मजूर दगावले. औषध मारणाऱ्याला हातमोजे, तोंडाला फडके नाही, हे प्रयोगशाळेत ठाऊक नव्हते म्हणावे तर तेही खरे नाही.

इल्म अमानत आहे असे आपण म्हणतो. अमानत म्हटली की ती ज्याची त्याच्या हातात द्यावी लागते. काउंटरवर ठेवून निघून जाता येत नाही. शास्त्रज्ञाने अट लिहिली, कंपनीने छापली, सरकारने मंजूर केली, दुकानदाराने पाकीट दिले. चौघेही आपल्यापुरते निर्दोष. (विधवेच्या दारात कॅमेरा लावून गेलेल्या पाचव्यालाही या रांगेत उभे करावे काय, हे मला अजून ठरवता आलेले नाही.)

रडणाऱ्या चेहऱ्यांचे चित्रण पुष्कळ झाले. कोणी मेहकर तालुक्यात येणार असेल, तर त्याने मृगाच्या आधी कृषी केंद्रात कॅमेरा लावावा आणि पाकिटावरची बारीक अक्षरे गिऱ्हाइकाला कोण वाचून दाखवतो, तेवढे टिपावे.